विहीर किती खोल आहे?

‘दिलेल्या फलनाचा प्रांत व विस्तार काढा.’ अकरावी-बारावीच्या विद्यार्थ्यांना हा प्रश्न चांगला परिचयाचा असतो. उत्तर काढण्याची रीतही त्यांना पाठ असते. छेद शून्य होऊ द्यायचा नाही, वर्गमूळाच्या चिन्हाखाली ऋण संख्या येऊ द्यायची नाही, आणि या दोन्ही अडचणी नसतील तर ‘सर्व वास्तव संख्या’ असे लिहून मोकळे व्हायचे. गुण मिळतात. पण त्यातून विद्यार्थ्यांचा एक समज पक्का होतो, की प्रांत ही सूत्रात दडलेली वस्तू आहे आणि सूत्राकडे नीट पाहिले की ती सापडते.

शिक्षकांच्या एका शिबिरात आम्ही एक साधा प्रश्न दिला होता. ‘विहिरीच्या काठावरून दगड सोडला. क्ष सेकंदांत तो ४.९ × क्ष² मीटर खाली जातो. या फलनाचा प्रांत कोणता?’ बहुतेकांनी ‘सर्व वास्तव संख्या’ असे लिहिले. काहींनी ‘सर्व धन संख्या व शून्य’ असे लिहिले. मागच्या बाकावरच्या एका बाईंनी मात्र काहीच लिहिले नाही. त्यांनी हात वर करून आम्हालाच विचारले, ‘‘विहीर किती खोल आहे?’’

बरोबर उत्तराच्या सर्वांत जवळ त्याच पोहोचल्या होत्या. त्यांचा प्रश्न हाच या लेखाचा विषय आहे.

गिरणी आणि सूत्र

आधी शब्दांचा अर्थ स्पष्ट करून घेऊ. एका राशीची किंमत ठरली की तिच्यावर अवलंबून असणाऱ्या दुसऱ्या राशीची एकच एक किंमत ठरते, तेव्हा दुसरी राशी ही पहिलीचे फलन आहे असे आपण म्हणतो. पहिल्या राशीच्या ज्या किमतींसाठी हा संबंध लागू असतो त्या सर्व किमतींचा संच म्हणजे फलनाचा प्रांत. त्या घेतल्यावर दुसऱ्या राशीच्या ज्या किमती प्रत्यक्ष मिळतात त्यांचा संच म्हणजे विस्तार. इंग्रजी माध्यमातील विद्यार्थी यांनाच डोमेन व रेंज म्हणतात. मराठी शब्द पुस्तकागणिक थोडे बदलतात. या लेखात आम्ही प्रांत व विस्तार हेच शब्द वापरू.

पिठाच्या गिरणीची उपमा येथे उपयोगी पडते. गिरणीत जे धान्य टाकता येते तो प्रांत, आणि खालून जी पिठे निघतात तो विस्तार. ओले धान्य घेऊन गेलो तर गिरणीवाला डबा परत करतो. जात्याचे दगड चिकटतील हे त्याला ठाऊक असते. सूत्र मात्र गिरणीवाल्याइतके चोखंदळ नसते. त्यात जी संख्या टाकाल ती ते निमूटपणे दळून देते. डबा परत करण्याचे काम आपले आहे.

आता विहिरीकडे परत जाऊ. समजा, पाण्याचा पृष्ठभाग काठापासून १९.६ मीटर खाली आहे. दगड सोडल्यापासून २ सेकंदांनी ४.९ × ४ = १९.६, म्हणजे दगड नेमका पाण्यावर आदळतो. क्ष = ३ घातले तर सूत्र ४४.१ मीटर असे उत्तर देते. विहिरीत तेवढी जागाच नाही. क्ष = –१ घातले तर उत्तर ४.९ मीटर येते, म्हणजे दगड हातातून सुटण्याच्या एक सेकंद आधीच खाली गेलेला! तेव्हा या फलनाचा प्रांत ० ते २ सेकंद आणि विस्तार ० ते १९.६ मीटर. यातील एकही मर्यादा ४.९ × क्ष² या सूत्रात लिहिलेली नाही. ० ही मर्यादा आपण दगड केव्हा सोडला यावरून आली, तर २ ही विहिरीवरून आली. विहीर बदलली की प्रांत बदलतो, सूत्र तेच राहते.

चाळीस मीटर तार

दुसरे उदाहरण परसबागेचे घेऊ. आपल्याजवळ ४० मीटर तार आहे आणि तिच्या एका वेढ्यात आयताकृती वाफा कुंपणात घ्यायचा आहे. एक बाजू क्ष मीटर घेतली तर दुसरी (२० – क्ष) मीटर होते आणि क्षेत्रफळ क्ष × (२० – क्ष) चौरस मीटर. क्ष = २५ घेतले तर क्षेत्रफळ –१२५ चौरस मीटर येते. या उत्तरावर मुले हसतात, आणि त्यांनी हसावे हीच आपली इच्छा असते. दोन्ही बाजू धन असायला हव्यात, म्हणून क्ष ही ० पेक्षा मोठी व २० पेक्षा लहान असली पाहिजे. हा झाला प्रांत.

विस्तार काढताना मुलांची एक ठरावीक चूक होते. ती प्रांताच्या दोन टोकांजवळच्या किमती घालून पाहतात. क्ष = १ घेतल्यास क्षेत्रफळ १९ आणि क्ष = १९ घेतल्यासही १९. ‘‘मग विस्तार १९ ते १९ का?’’ असा प्रश्न येतो. अशा वेळी लगेच उत्तर सांगू नये. कोष्टक करायला लावावे, आलेख काढायला लावावा. क्षेत्रफळ आधी वाढत जाते, क्ष = १० असताना १०० होते आणि नंतर पुन्हा कमी होते, हे त्यांना स्वतःला दिसते. विस्तार म्हणजे ० पेक्षा मोठ्या आणि १०० पर्यंतच्या सर्व संख्या. टोकांवरून विस्तार नेहमी कळतोच असे नाही, मधला प्रवासही पाहावा लागतो.

याच वाफ्यात थोडे बदल करू. परसातली पट्टी एका बाजूने फक्त ६ मीटर रुंद आहे आणि क्ष ही बाजू त्या रुंदीत बसवायची आहे. मग क्ष ६ च्या पुढे जाऊ शकत नाही. क्ष = ६ घेतल्यास क्षेत्रफळ ६ × १४ = ८४ होते, तेवढेच सर्वांत मोठे. १०० हे उत्तर पुस्तकात असले तरी या परसात ते मिळणार नाही.

आता पट्टीची अट सोडून देऊ आणि दुसरी घालू. खांब दर दोन मीटरवरच रोवायचे असल्याने प्रत्येक बाजू दोनाच्या पटीत हवी. आता प्रांतात २, ४, ६ … १८ अशा नऊच संख्या उरतात. क्षेत्रफळे येतात ३६, ६४, ८४, ९६, १०० आणि नंतर तीच उलट्या क्रमाने. म्हणजे विस्तारात पाचच संख्या आहेत. आलेख म्हणजे सलग रेषा न राहता नऊ सुटे ठिपके होतात. ते ठिपके जोडण्याचा मोह मुलांना होतो. ‘‘दोन ठिपक्यांच्या मधल्या जागी खांब कुठे रोवणार?’’ एवढे विचारले की पुरते.

अर्धे तिकीट

विस्ताराचा उपयोग काय, असे विद्यार्थी विचारतात. त्यांना रेल्वेच्या तिकीटखिडकीवर न्यावे. आपल्याकडे ५ वर्षांखालील मुलांना भाडे पडत नाही. ५ वर्षे पूर्ण झालेल्या पण १२ वर्षांखालील मुलाला, स्वतंत्र शायिका घेतली नसेल तर, निम्मे भाडे पडते. त्यापुढे पूर्ण. एखाद्या प्रवासाचे पूर्ण भाडे २०० रुपये आहे असे समजू. वय ही पहिली राशी, भाडे ही दुसरी. वयाच्या किमती असंख्य आहेत, पण विस्तारात फक्त तीन संख्या आहेत : ०, १०० आणि २००.

कोणी म्हणाले, ‘‘आमच्या मुलाचे १५० रुपये घेतले,’’ तर त्या मुलाचे वय न विचारताही आपण सांगू शकतो की कोठे तरी चूक आहे. १५० ही संख्या विस्तारातच नाही. विस्तार माहीत असणे म्हणजे चुकीचे उत्तर दारातच ओळखता येणे. सीमेवर काय होते तेही येथे नीट पाहायला मिळते. आज बरोबर ५ वर्षे पूर्ण झालेले मूल कोणत्या गटात? बरोबर १२ झालेले? ‘पेक्षा कमी’ आणि ‘पेक्षा कमी किंवा तेवढेच’ या दोन चिन्हांतील फरक कागदावर एका आडव्या रेघेचा असतो, खिडकीवर तो १०० रुपयांचा होतो.

तापमापीचे तळाचे टोक

येथपर्यंतची उदाहरणे घरगुती होती आणि चुकीची किंमतही फार मोठी नव्हती. आता अशा एका वस्तूकडे वळू, जी बहुतेक घरांत असते आणि जिच्या प्रांताची चूक जिवावर बेतू शकते. ती म्हणजे ताप मोजायची तापमापी.

सेल्सिअस अंशांचे फॅरनहाइट करायचे तर १.८ ने गुणून ३२ मिळवायचे. गणिताच्या पुस्तकात या फलनाचा प्रांत सर्व वास्तव संख्या. पदार्थविज्ञानाच्या तासाला तो –२७३.१५ पासून सुरू होतो, कारण त्याखाली तापमान असत नाही. हेच अंश जेव्हा काचेच्या वैद्यकीय तापमापीवर येतात तेव्हा साधारणपणे ३५ ते ४२ अंश सेल्सिअस एवढीच पट्टी उरते. सूत्र एक, पण प्रांत तीन.

या तापमापीला आपण स्वतंत्र फलन मानू : शरीराचे तापमान ही पहिली राशी आणि वाचलेला आकडा ही दुसरी. पट्टीवर दर ०.१ अंशाला खूण असेल तर ३५.० पासून ४२.० पर्यंत ७१ आकडे होतात. हा विस्तार. मोठ्या माणसाचा ताप पाहायला तो पुरतो. पण समजा, ज्याचे तापमान मोजायचे ते नुकतेच जन्मलेले, कमी वजनाचे बाळ आहे आणि त्याचे अंग गार पडत चालले आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या वर्गीकरणानुसार नवजात बाळाचे सर्वसाधारण तापमान ३६.५ ते ३७.५ अंश सेल्सिअस असते. ३६ पेक्षा कमी झाले तर मध्यम आणि ३२ पेक्षा कमी झाले तर तीव्र स्वरूपाचा थंडावा मानतात. म्हणजे आपल्या तापमापीची पट्टी जेथे संपते तेथेच बाळाचा धोका वाढू लागतो.

३४, ३३ किंवा ३१ अंश, यांपैकी काहीही असले तरी पारा पट्टीच्या तळाशीच राहतो. वाचणारा ‘३५’ असे लिहून ठेवतो. खरे तर तेथे ३५ हे उत्तर नसते, तेथे उत्तरच नसते. पाऱ्याच्या तापमापीत आणखी एक खोच आहे. फुग्याच्या वर नळी अरुंद केलेली असल्याने चढलेला पारा आपोआप उतरत नाही. झटकायला विसरलो तर आधीच्या माणसाचा आकडा या बाळाच्या नावे लिहिला जाईल. आता इलेक्ट्रॉनिक तापमापी सर्वत्र आल्या आहेत. त्यांपैकी अनेकांच्या पडद्यावर तापमान ३२ च्या खाली असल्यास आकड्याऐवजी ‘लो’ अशी अक्षरे उमटतात. आपल्या प्रांताबाहेरचे आहे हे ते यंत्र निदान कबूल तरी करते.

यावरचा उपाय अवघड नाही. नवजात बाळांसाठी ३५ च्या बरेच खाली मोजू शकणाऱ्या तापमापी मिळतात. तापमान कमी आहे हे वेळेत कळले तर बाळाला आईच्या अंगाशी धरणे, कोरडे व गुंडाळून ठेवणे यासारख्या साध्या गोष्टींनी ऊब देता येते आणि पुढची मदत मिळवता येते. गडचिरोली जिल्ह्यात ‘सर्च’ या संस्थेने १९९०च्या दशकात नवजात बाळांची घरीच काळजी घेण्याचा प्रयोग केला. त्यात प्रशिक्षित गावकरी स्त्रिया घरोघर जाऊन बाळे तपासत, त्यांचे तापमान मोजत, आजार लवकर ओळखून उपचार करत. बाळांचे मृत्यू या पद्धतीने पुष्कळ कमी होतात, हे ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात १९९९ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांतून जगापुढे आले. त्या यशामागे अनेक गोष्टी होत्या. हातातले उपकरण कोठून कोठपर्यंत मोजते याचे भान ही अशा कामाची पहिली पायरी असते.

अनुभवाचा प्रांत

काही वेळा सूत्रही असते, उपकरणही असते, पण आपला अनुभव एका मर्यादेपर्यंतच पोहोचलेला असतो. त्या पलीकडे पाऊल टाकताना काय होते, याचे एक दुःखद उदाहरण अमेरिकेत २८ जानेवारी १९८६ रोजी घडले. ‘चॅलेंजर’ हे अवकाशयान उड्डाणानंतर ७३ सेकंदांनी नष्ट झाले आणि त्यातील सातही अंतराळवीर मृत्युमुखी पडले. बूस्टर रॉकेटचे भाग जोडणाऱ्या सांध्यांत रबरासारख्या पदार्थाची कडी होती. त्यांना ओ-रिंग म्हणतात. थंडीमुळे त्यांची लवचीकता कमी झाली आणि सांध्यातून तप्त वायू बाहेर पडला.

आधीची सर्व उड्डाणे ५३ अंश फॅरनहाइट, म्हणजे सुमारे १२ अंश सेल्सिअस किंवा त्याहून अधिक तापमानाला झाली होती. त्या दिवशी उड्डाणाच्या वेळी हवेचे तापमान ३६ अंश फॅरनहाइट, म्हणजे जेमतेम २ अंश सेल्सिअस होते. रॉकेट बनवणाऱ्या कंपनीच्या अभियंत्यांनी आदल्या संध्याकाळी हीच शंका मांडली होती, की ५३ च्या खाली आपल्याला काही माहीत नाही, तेव्हा उड्डाण करू नये. ती मानली गेली नाही.

या प्रकरणात प्रांताची आणखी एक चूक झाली. तापमान व ओ-रिंगची हानी यांचा संबंध तपासताना ज्या उड्डाणांत हानी झाली होती तेवढीच विचारात घेतली गेली. ती कमी तापमानालाही होती आणि जास्त तापमानालाही, म्हणून संबंध दिसला नाही. चौकशी आयोगाने सर्व २४ उड्डाणे एकत्र मांडली. ६६ अंश फॅरनहाइट व त्यापुढच्या २० उड्डाणांपैकी फक्त ३ मध्ये हानी होती. ६३ व त्याखालच्या चारही उड्डाणांत ती होती. ज्यांची हानी ‘शून्य’ ती उड्डाणे प्रांतातून वगळल्यामुळे आलेखाचा अर्थच हरवला होता. आयोगाचे एक सदस्य, प्रसिद्ध भौतिकशास्त्रज्ञ रिचर्ड फाइनमन, यांनी ओ-रिंगचा तुकडा बर्फाच्या पाण्यात बुडवून, थंड झाल्यावर तो पटकन मूळ आकारात येत नाही हे सर्वांसमोर दाखवले. विहिरीजवळचा तोच प्रश्न त्यांनी एका पेल्यात विचारला असे म्हणायला हरकत नाही.

विस्ताराच्या बाबतीतही असेच एक उदाहरण आहे. अंटार्क्टिकावरील ओझोन वसंत ऋतूत फार घटतो, हे फार्मन, गार्डिनर व शँक्लिन या ब्रिटिश संशोधकांनी १९८५ साली जमिनीवरील मोजणीवरून जाहीर केले. ‘निंबस-७’ या अमेरिकन उपग्रहावरील उपकरणही तेव्हा तेथील ओझोन मोजत होते. त्याच्या संगणक-आज्ञावलीत अशी सोय होती, की १८० डॉब्सन एककांपेक्षा कमी आलेल्या नोंदींवर ‘संशयास्पद’ अशी खूण व्हावी. त्या नोंदी टाकून दिल्या गेल्या नव्हत्या, आणि नंतर तपासल्यावर त्यांनी ओझोनच्या घटीला दुजोराच दिला. पण अपेक्षित विस्ताराबाहेरचे उत्तर आले, की दोन शक्यता असतात : मोजणी चुकली असेल, किंवा आपली अपेक्षा. तिकीटखिडकीवरचे भाडे नियमाने ठरलेले असते, म्हणून तेथे १५० ही निश्चित चूक. निसर्गाचा विस्तार मात्र आपण ठरवलेला नसतो. हा फरक मोठ्या विद्यार्थ्यांशी जरूर बोलावा.

वर्गासाठी

रोजच्या प्रसंगातून प्रांत व विस्तार काढताना आम्ही पुढील चार प्रश्न क्रमाने विचारतो :

१. पहिली राशी कोणती, दुसरी कोणती, आणि त्यांची एकके काय?

२. पहिल्या राशीच्या कोणत्या किमती या प्रसंगात शक्य आहेत? त्यांना कोण अडवते : निसर्ग, वस्तू, नियम, की आपले उपकरण?

३. त्या किमती सलग आहेत की सुट्या? टोके धरायची की सोडायची?

४. या किमती घेतल्यावर दुसरी राशी कोठून कोठपर्यंत फिरते? मधली एखादी किंमत सुटते का?

सरावासाठी काही प्रसंग देतो. १००० लिटरची पाण्याची टाकी भरलेली आहे आणि नळातून दर मिनिटाला २० लिटर पाणी जाते, तर उरलेले पाणी हे मिनिटांचे फलन आहे. प्रांत व विस्तार काढा. मग टाकीचा नळ तळापासून थोडा वर बसवलेला असून त्याच्याखाली ५० लिटर पाणी राहते असे समजा आणि दोन्ही पुन्हा काढा. ४४ आसनांच्या सहलीच्या बसचे भाडे ६६०० रुपये असेल तर प्रत्येकी वर्गणी हे मुलांच्या संख्येचे फलन आहे. येथे छेद शून्य का होऊ शकत नाही? शेवटी घरातील वजनकाटा, तापमापी किंवा मोजपट्टी घेऊन तिचा प्रांत व विस्तार लिहून आणायला सांगावे. स्वयंपाकघरातल्या काट्यावर पोस्टाचे तिकीट ठेवले तर तो बहुधा शून्य दाखवतो. तिकिटाला वजन नाही का, हा प्रश्न पुढच्या तासाला पुरतो.

परीक्षेतले ‘सर्व वास्तव संख्या’ हे उत्तर चूक नाही. नुसते सूत्र दिले असेल तर तेच योग्य. मात्र प्रसंग दिला असेल तेव्हा लेखणी उचलण्याआधी मुलाने हात वर करून ‘‘विहीर किती खोल आहे?’’ असे विचारले, तर त्याला थांबवू नये. त्या प्रश्नालाही गुण द्यावेत.